सुभानरावांना मराठीत बोलते करणारे अप्पा

रामलिंगअप्पा कोरे यांची आणि माझी ओळख झाली ती मी त्यांना हसले म्हणून. माझे नवीनच लग्न झाले होते. मी प्राथमिक शाळेत शिक्षिका आणि आमचे बाबूराव एका फिरत्या टॉकीजवर मशीन चालवणारे. जत्रा आली की तंबू, मशीन आणि रिळांचे डबे ट्रकमध्ये घालून ही मंडळी गावोगाव जायची. दिवाळीच्या सुट्टीत मी हट्ट करून त्यांच्याबरोबर कपिलधारच्या जत्रेला गेले. तंबूत दोरी बांधून एका अंगाला बायका, दुसऱ्या अंगाला पुरुष बसवले होते. पडद्यावर काळापांढरा चिनी पिक्चर चालला होता आणि पडद्याच्या कडेला एका उंच स्टुलावर बसून, हातात माइक घेऊन, एक गृहस्थ सगळ्या पात्रांचे बोलणे एकटेच मराठीत बोलत होते. तेवढ्यात पडद्यावरची एक मुलगी रडू लागली आणि तिच्या तोंडून भरदार पुरुषी आवाज बारीक होऊन आला, "बाबा, मला सोडून जाऊ नगा." मला हसू आवरेना. पदर तोंडात कोंबला तरी आवाज झालाच. माइकवरचे रडणे थांबले. मग तोच आवाज, आता आपल्या मूळच्या जाडीत, सगळ्या तंबूला ऐकू जाईल असा म्हणाला, "ज्या बाईला हसू यायलंय, त्यांनी हिकडं यावं. पोरगी अजून रडायली. तिचं काय करायचं ते त्यांनी करावं."

मी गेले. जायला नको होते, पण बायकांनीच मला पुढे ढकलले. माइकसमोर काय बोलले ते आज आठवत नाही, पण थोड्या वेळाने बायकांच्या अंगाकडून नाके ओढल्याचे आवाज यायला लागले. पिक्चर सुटल्यावर अप्पा म्हणाले, "मास्तरीण हायसा न्हवं? तरीच. धडा शिकवल्यावानी बोलू नका, बाकी ठीक हाय." त्या दिवसापासून शाळेच्या प्रत्येक सुट्टीत पडद्यावरच्या सगळ्या बायका मी बोलू लागले. अप्पा मला तेव्हापासून 'बाई' म्हणतात आणि माझ्या बोलण्यातून मास्तरीण अजून गेली नाही अशी त्यांची तक्रार आजही कायम आहे.

अप्पांना या महिन्यात पंचाहत्तर पूर्ण होत आहेत. त्यांच्या गौरवासाठी हा अंक निघतो आहे याचा मला फार आनंद आहे, पण एक गोष्ट वाचकांना सांगितली पाहिजे. काही महिन्यांपूर्वी गौरव समितीची मंडळी विचारायला गेली तेव्हा अप्पांनी सत्काराला साफ नकार दिला होता. "माझा सत्कार कावून? मी लोकायला फसिवलेला मानूस हाय," असे म्हणून त्यांनी मंडळींना चहा पाजून परत पाठवले. त्या आधीच्या दोन-तीन वर्षांत त्यांनी माइकला हातही लावला नव्हता. गणपतीत पोरे बोलवायला आली तरी जात नव्हते. हा नकार कशापायी होता आणि तो कसा फिरला, हेच मला या लेखात सांगायचे आहे. ते सांगताना अप्पांचे काम, त्यांचा स्वभाव आणि त्यांनी आमच्यावर केलेली माया या गोष्टी आपोआप येतीलच.

आमच्या टॉकीजच्या मालकांनी कुठल्याशा मोठ्या शहरातून रद्दीच्या भावात जुन्या पिक्चरच्या रिळांचा एक ढीग आणला होता. पिक्चर हाँगकाँगचे, मारामारीचे, कँटोनीज भाषेतले. भाषेचे नाव आम्हाला फार पुढे कळले. तेव्हा सगळ्यांच्या लेखी ते चिनी. त्या सगळ्या पिक्चरमध्ये एक नट हटकून असायचा. गालाची हाडे वर आलेली, एक भुवई मधोमध तुटलेली, पातळ दाढी आणि अंगात अशी चपळाई की हा माणूस पळतो आहे की तरंगतो आहे असे वाटावे. त्यांचे नाव कोणाला ठाऊक नव्हते. पडद्यावरची अक्षरे तर आम्हाला नक्षीच. अप्पांनी त्यांना सुभानराव हे नाव दिले. का दिले, असे मी एकदा विचारले तर म्हणाले, "चेहऱ्यावरून वाटलं." पुढे मालकांनी पाटीवर पिक्चरचे नाव लिहायचेच सोडून दिले. नुसते 'सुभानराव' असे लिहिले की तंबू भरायचा.

अप्पांची काम करायची पद्धत अशी होती. पिक्चर आला की ते आधी एकटे बसून पाहायचे. कोण कोणाला काय बोलत असेल ते बोलणाऱ्याच्या डोळ्यांवरून आणि हातांवरून ठरवायचे, आणि एकदा ठरवले की त्यात बदल नाही. पहिल्या पिक्चरचे दुसरे रीळ मूळचेच गहाळ होते. त्यामुळे अप्पांनी गोष्ट लावली ती अशी. एक म्हातारे वस्ताद आजारी पडतात. त्यांचे मित्र सुभानराव त्यांना वाटीतून औषध पाजतात, तरी वस्ताद जातात. सुभानराव टाहो फोडून रडतात आणि वस्तादांच्या पोरक्या मुलाला पोटच्या पोरासारखे वाढवतात, विद्या शिकवतात. मग लोक त्या मुलाचे कान भरतात. तो डोंगरात निघून जातो, परत येतो आणि आपल्या गुरूलाच मारतो. मरताना सुभानराव हसतात. ते हसू पडद्यावर चांगलेच रेंगाळते. त्या हसण्यावर अप्पा बोलायचे, "लेकरा, तुझा हात आज खरा बसला. माझी शिकवनी पुरी झाली." या वाक्याला तंबूतला एकही माणूस कोरड्या डोळ्याने उठत नसे. मशीनमागे बसलेले आमचे बाबूरावसुद्धा, जे सहसा कशालाच हलायचे नाहीत.

एका पिक्चरमध्ये देवमाणूस ठरलेले सुभानराव पुढच्या पिक्चरमध्ये वाईट कसे होणार? ते लोकांनीही चालवून घेतले नसते. त्यामुळे प्रत्येक पिक्चरमध्ये सुभानराव भले, प्रत्येक पिक्चरमध्ये गैरसमजापायी शेवटी मरायचे आणि पुढच्या जत्रेला पुन्हा जिवंत व्हायचे.

अप्पांच्या सचोटीची एक आठवण सांगते. चैत्रातल्या जत्रांना उसतोडीहून परतलेली कुटुंबे मोठ्या संख्येने येत. त्यांच्यात एक बाई दरसाल माइकपाशी यायची आणि विचारायची, "अप्पा, औंदा तरी वाचतेत का ओ सुभानराव?" एका वर्षी तिच्या घरात मरण झाले होते. ती म्हणाली, "ह्या साली तेवढं मारू नगा. शेवटचं रीळ लावूच नगा." मालक तयार होते, एक रीळ वाचले तर त्यांना बरेच होते. मलाही वाटले, काय बिघडते? पण अप्पा तिच्याशेजारी खाली बसले आणि म्हणाले, "माय, जे हाय ते दावायचं. तुला मी खोटं सांगनार न्हाई. पर तू माझ्याजवळ बस, आपुन संगं बघू." आणि ती खरेच स्टुलाच्या पायाशी बसून शेवटपर्यंत पाहत राहिली.

दुसरी आठवण मालकांच्या संदर्भातली. हशा पिकावा म्हणून अप्पांनी नाकातून काहीतरी अगम्य बोलून चिनी माणसांची नक्कल करावी, असा मालकांनी एकदा आग्रह धरला. असे केले तर पोरांच्या उड्या पडतील, हे त्यांचे म्हणणे खोटे नव्हते. अप्पा म्हणाले, "त्यो मानूस तिकडं घाम गाळायलाय आन मी हिकडं त्याची थट्टा करू? त्याची बोली आपल्याला येत न्हाई, ह्यो आपला दोष हाय, त्याचा न्हाई." मालक म्हणाले, तो मनुष्य काय इथे बघायला येणार आहे? अप्पा म्हणाले, "यील का न्हाई ते ठावं न्हाई. आला तर मला त्याच्यासमोर उभं ऱ्हाता आलं पायजे." मालकांनी विषय सोडून दिला.

पुढे घरोघर टीव्ही आला, मग व्हिडिओ आले आणि फिरती टॉकीज बसली. मालकांनी तंबू विकून टाकला. बाबूराव एका पिठाच्या गिरणीवर लागले. अप्पांना बीडच्या बसस्थानकावर चौकशीच्या खिडकीत गाड्यांची नावे पुकारायचे काम मिळाले. ते काम त्यांनी निवृत्तीपर्यंत केले. आमच्या तालुक्यातली माणसे सांगत की अंबाजोगाईची गाडी लागल्याचे ऐकले की आता मारामारी सुरू होणार असे वाटून अंगावर काटा यायचा.

बाबूरावांचे शेवटचे आजारपण अंबाजोगाईच्या मोठ्या दवाखान्यात झाले. त्या दिवसांत अप्पा रजा टाकून येत आणि खाटेपाशी बसून राहत. एका दुपारी बाबूराव क्षीण आवाजात म्हणाले, "अप्पा, एक पिक्चर लावा की." अप्पांनी समोरच्या भिंतीकडे बघितले आणि सुरू केले. भिंत कोरी होती, पण अप्पा नजर वर-खाली हलवत, तलवारींचा आवाज तोंडाने काढत, पहिल्या रिळापासून सगळा पिक्चर बोलले. बायकांचे बोलणे आले की माझ्याकडे बघायचे आणि मी बोलायचे. बघता बघता शेजारच्या खाटांवरची माणसे कुशीवर वळली. नर्सबाई गप्प करायला आल्या आणि उभ्या राहूनच ऐकत राहिल्या. रीळ बदलायची वेळ आली की बाबूराव बोटाने खूण करायचे. शेवटचे रीळ यायच्या आधी त्यांना झोप लागली. अप्पांनी त्यांच्या अंगावर पांघरूण सारखे केले आणि मला म्हणाले, "ऱ्हाऊ द्या. आपरेटर झोपला की पिक्चर थांबवावा लागतोय." पुढच्याच आठवड्यात बाबूराव गेले. मला त्या दुःखात आधार कशाचा होता म्हणाल तर त्या दुपारचा होता. त्याचे उपकार मी कधी बोलून दाखवले नाहीत, म्हणून इथे लिहिते.

आता त्या नकाराकडे येते. अप्पांच्या कन्या सुमन बीडला नर्स आहेत. त्यांना तीन-एक वर्षांपूर्वी इंटरनेटवर जुने हाँगकाँगचे पिक्चर चाळताना, तुटक्या भुवईच्या खुणेवरून, आमचा तोच पहिला पिक्चर सापडला. पूर्ण, गहाळ झालेल्या रिळासकट, आणि खाली इंग्रजी अक्षरे. त्यांनी हौसेने अप्पांना समोर बसवले आणि वाचून मराठीत सांगू लागल्या. दुसरे रीळ आले. सुभानराव एका अंधाऱ्या खोलीत बसून औषधाच्या वाटीत काहीतरी मिसळत होते. सुमन वाचता वाचता थांबल्या.

"काय म्हनला त्यो?" अप्पांनी विचारले.

"काही नाही अप्पा. असंच काहीतरी."

"सुमे, हाय ते सांग."

"तो म्हणतोय, म्हातारा मेला की तलवार आपली. आणि पोराला आपल्याच हाताखाली ठेवू, म्हणजे संशय यायचा नाही."

सुमन मला नंतर म्हणाल्या, "मावशी, मला वाटलं तिथंच बंद करावं. पण अप्पांनी हात धरला." अप्पांनी तो पिक्चर शेवटपर्यंत ऐकला. शेवटच्या हसण्यावर सुभानराव म्हणत होते की तुझ्या बापालाही मीच मारले. दुसऱ्या पिक्चरमध्ये ते दरोडेखोरांचे सरदार निघाले, तिसऱ्यात लाचखोर अंमलदार. आमचे सुभानराव सगळीकडे खलनायक होते.

दुसऱ्या दिवशी सकाळीच अप्पा माझ्या घरी आले. चहाला नको म्हणाले, तेव्हाच मी ओळखले की काहीतरी बिनसले आहे. सगळे सांगून झाल्यावर म्हणाले, "बाई, आपुन आख्खी जिंदगी लोकायला खोटं सांगितलं."

मी म्हटले, "अप्पा, पिक्चर म्हणजे खोटेच असते."

"पिक्चर खोटा असंल. मी तर खरं म्हनून सांगत व्हतो. त्या उसतोडीच्या माउलीला म्हनलं व्हतं, तुला खोटं सांगनार न्हाई. ती कुठं असंल आता? तिला काय सांगू?"

त्यानंतर अप्पा माइकपासून दूरच राहिले. रस्त्यात कोणी म्हातारे माणूस हात जोडून "काय सुभानराव?" म्हणाले की त्यांचा चेहरा उतरायचा. त्यांच्याच आवाजाने ज्यांना ओळख मिळाली त्या माणसाचे नाव ऐकणे त्यांना नकोसे झाले होते. आम्ही कोणी काही केले तरी उपयोग नव्हता.

सुमन यांनी मात्र त्या पिक्चरखाली चार ओळी लिहून ठेवल्या होत्या, की भारतात आमच्या जिल्ह्यात माझे वडील या नटाला आवाज देत असत. बऱ्याच काळाने त्यावर उत्तर आले. ते त्या नटाच्या मुलीचे होते. या बाई आता सत्तरीच्या आहेत आणि हाँगकाँगमध्येच राहतात. त्यांना अप्पांशी बोलायचे होते. समितीची मंडळी परत गेली त्याच आठवड्यात मोबाइलवर ते बोलणे झाले. बाई इंग्रजीत बोलत, सुमन मराठीत सांगत आणि मी शेजारी बसले होते. अप्पांनी स्वच्छ धोतर नेसून, टोपी घालून, मोबाइलसमोर आधी हात जोडले आणि पहिलेच वाक्य बोलले ते असे, "ताई, मी तुमच्या वडिलांचं सोंग उलटं लावलं. ते वाईट मानसाचं काम करायचे, मी चांगलं म्हनून सांगितलं. मला माफी असावी."

सुमन यांनी ते बाईंना इंग्रजीत सांगितले. मग त्यांनी आपल्या वडिलांची हकिकत सांगितली. त्यांचे नाव लोक शू-फाय, त्यातले 'लोक' हे आडनाव. लहानपणीच त्यांना एका संगीत नाटक मंडळीत घातले होते. कोलांट्या, काठी, तलवार सगळे तिथे शिकले. लढाईच्या काळात मंडळी मोडली आणि ते हाँगकाँगला आले. सुरुवातीला मोठ्या नटांच्या जागी उंचावरून उड्या मारायचे. एकदा पडून भुवई फाटली, आणि त्या तुटक्या भुवईमुळे पुढे त्यांना सारखी खलनायकाचीच कामे मिळत गेली. तेव्हा पिक्चर झपाट्याने निघत. सकाळी एका पिक्चरमध्ये मरायचे, दुपारी दुसऱ्यात. पुढे रंगीत पिक्चर आले, नवी माणसे आली आणि त्यांचे काम सुटले. मग ते पोरांना फुकट विद्या शिकवत राहिले. घरात अतिशय मवाळ माणूस. पण बाजारात गेले की मासळीवाली त्यांना मासळी द्यायची नाही, म्हणून सगळा बाजार आईनेच केला.

अप्पा हे सगळे मान हलवत ऐकत होते. मग म्हणाले, "सुमे, ताईला एक इचार. मारामारीत समोरचं पोरगं उडी घेऊन खाली आलं की ह्यांचा हात हळूच त्याच्या पाठीखाली जायचा. दर पिक्चरला. म्या तेच बघून ठरीवलं व्हतं की मानूस चांगला हाय. ते काय व्हतं?"

बाई चकित झाल्या. म्हणाल्या, ते कोणाला दिसू नये असाच त्यांचा प्रयत्न असायचा. नवी पोरे पडताना पाठ मोडून घेत, म्हणून ते आपला हात खाली घालत. त्यातच एकदा त्यांचे मनगट मोडले आणि ते कायमचे वाकडे राहिले. त्या हाताबद्दल आजवर कोणी मला विचारलेले नाही, असे त्या म्हणाल्या. मी अप्पांकडे बघितले नाही, कारण माझेच डोळे भरून आले होते.

मग बाईंनी विचारले, तुमच्याकडे शेवटी ते मरायचे तेव्हा लोक काय करायचे? सुमन म्हणाल्या, रडायचे. बाईंनी पुन्हा विचारले. सुमन यांनी पुन्हा तेच सांगितले. तेव्हा बाई म्हणाल्या, "मी वडिलांचा एकही पिक्चर शेवटपर्यंत पाहिलेला नाही. लहान असताना आई शेवट यायच्या आधी मला उचलून बाहेर न्यायची. कारण ते मेले की सगळे थिएटर टाळ्या वाजवायचे. बाहेर उभे राहूनही मला त्या ऐकू यायच्या." तुमच्या लोकांबरोबर बसून मला एकदा बघता येईल का, असे त्यांनी विचारले.

अप्पांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. मग म्हणाले, "ताईला सांग, बोलनार हाय. आधी लोकायला खरं काय ते सांगून टाकीन, माफी मागीन. मंग सुभानराव लावीन." आणि माझ्याकडे वळून, "बाई, तुमाला बी यावं लागतंय." समितीला होकार गेला तो असा.

अप्पा, तुम्ही आम्हाला पुष्कळ वर्षे हवे आहात. तुमचे गुडघे सांभाळा, सुमन सांगतात त्या गोळ्या वेळेवर घ्या आणि थंडीत कानाला मफलर बांधत जा. तुमचा आवाज या जिल्ह्यातल्या अजून न जन्मलेल्या लेकरांनी ऐकावा, आणि तुमच्या शंभरीला असाच अंक निघाला तर त्यातही मला लिहायला मिळावे, एवढे मागणे आहे.

आता एक विनंती वाचकांना. हा अंक तुमच्या हातात पडेल तेव्हा सत्कारासाठी शाळेच्या मैदानावर पडदा लागलेला असेल. पुढच्या रांगेत सुमन मोबाइल धरून बसतील आणि त्यातून लोक शू-फाय यांच्या कन्या पिक्चर पाहतील, यावेळी शेवटपर्यंत. अप्पांसाठी, त्यांच्या भाषणासाठी, हारांसाठी हवा तेवढा टाळ्यांचा कडकडाट करा. पण शेवटच्या रिळाला सुभानराव पडतील तेव्हा कृपा करून कोणीही टाळ्या वाजवू नयेत.